सरकी कोणाची, बेणे कोणाचे?
(ऊस विकास विभागाकडून)



कारखान्याच्या दप्तरी आपण सारे ऊस उत्पादक. पण घरचा सात-बारा काढून पाहिला तर उसाखाली दीड-दोन एकर आणि बाकी रानात पऱ्हाटी, तूर, सोयाबीन, असाच हिशेब बहुतेकांचा निघेल. वर्धा जिल्हा मुळात कापसाचा. बोर-धामचे पाणी पाटाला आले तेथे ऊस उभा राहिला, एवढेच. त्यामुळे गट सभेत आम्ही लागणीचे अंतर आणि खताचे हप्ते सांगायला उभे राहिलो, की चार प्रश्न उसाचे होतात आणि सहा कापसाचे. त्यातला एक प्रश्न गेली काही वर्षे हटकून येतो: तणनाशक मारले तरी न मरणारे कापसाचे बियाणे सरकारने अडवून का ठेवले आहे? यात शास्त्र आहे की राजकारण?

याचे उत्तर सभेत दोन मिनिटांत देता येत नाही. बियाण्याचे शास्त्र आणि राजकारण यांची गाठ आजची नाही. आपल्याच जिल्ह्यात ती दीडशे वर्षांहून जुनी आहे, आणि तिचे पहिले गाव हिंगणघाट.

हिंगणघाटची बनी

१८६१ साली अमेरिकेत उत्तर-दक्षिण अशी यादवी पेटली. दक्षिणेकडची बंदरे अडवली गेली आणि तिथला कापूस विलायतेला जाईना. लँकेशायरच्या गिरण्या कापसावाचून बंद पडू लागल्या, मजुरांच्या घरी उपासमार आली. तेव्हा साहेब लोकांची नजर हिंदुस्थानच्या कापसाकडे वळली. याच सुमारास, १८६२ साली, नागपूर जिल्ह्यातून वर्धा जिल्हा वेगळा काढला गेला. मध्यप्रांत आणि वऱ्हाडासाठी कापसाचा खास कमिशनर नेमला गेला. रिव्हेट-कार्नॅक हे त्याचे नाव. हिंगणघाटच्या बाजारावर त्याचे विशेष लक्ष होते, कारण इथली 'बनी' जातीची देशी रुई लांब धाग्याची, मऊ आणि तलम. 'हिंगणघाट' हे नुसते गावाचे नाव राहिले नाही, परदेशच्या बाजारात ते मालाचे नाव झाले. पुढे वर्ध्याहून हिंगणघाट-वरोऱ्याकडे रेल्वेचा फाटाही गेला.

या खात्याला बियाण्यात काय हवे होते? धागा लांब आणि माल निर्भेळ. लँकेशायरच्या यंत्राला लांब धागा लागतो, म्हणून संशोधनाचा प्रश्नही तोच ठरला. कास्तकाराचे प्रश्न वेगळे होते. मणभर कापसातून रुई किती निघते, बोंड लवकर फुटते का, पावसाने दगा दिला तर झाड तग धरते का, हे ते प्रश्न. बनीचा धागा उत्तम, पण सरकीवर रुई कमी. बाजारात भाव वजनावर मिळायचा, धाग्याच्या लांबीला वरचा पैसा कास्तकाराच्या हातात फारसा पडत नसे. मग कास्तकाराने आपल्या अकलेने हिशेब केला. आखूड धाग्याची, पण भरपूर रुई देणारी, लवकर येणारी 'जरी' तो पेरू लागला. मुंबईच्या गिरण्यांना जाडे सूत काढायला ती चालत होती, पुढे जपानचे खरेदीदारही तीच उचलू लागले. इकडे सरकारी कागदांत मात्र शेतकरी अडाणी, आळशी आणि व्यापारी भेसळखोर, असा सूर राहिला. (भेसळ होत नव्हती असे आमचे म्हणणे नाही. पण आखूड धागा पेरणे म्हणजे अडाणीपणा नव्हे.)

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला शेतकी खाते नीट उभे राहिले. नागपूर-अकोल्याच्या सरकारी फार्मवर वऱ्हाडी कापसातल्या सरमिसळ जाती वेगवेगळ्या करून, शेजारी शेजारी पेरून, तोलून पाहिल्या गेल्या. क्लाउस्टन नावाचे अधिकारी त्यात पुढे होते. त्यांच्या तागडीत जे आले ते कास्तकाराला आधीच ठाऊक होते. एकराला जास्त पैसा देणारी जात आखूड धाग्याची 'रोझियम' होती, आणि मग खात्याने तिचेच बियाणे वाटले. म्हणजे पन्नास वर्षांत सरकारी सल्ला अगदी उलटा फिरला. माती तीच, पाऊस तोच. आधी प्रश्न विलायतेच्या गिरणीचा होता, आता तो कास्तकाराच्या पदरच्या पैशाचा झाला. आमच्या मते क्लाउस्टन यांचे काम खरे शेतकी खात्याचे काम होते. बनी मात्र त्यात गेली, तेही खरे.

गिरणीवाले गप्प बसले नाहीत. १९२१ साली इंडियन सेंट्रल कॉटन कमिटी स्थापन झाली. १९२३ च्या कायद्याने कापसावर उपकर बसला आणि त्या पैशातून कापसाचे संशोधन चालू झाले. १९२४ साली मुंबईत माटुंग्याला धागा तपासण्याची प्रयोगशाळा निघाली, इंदूरला आल्बर्ट हॉवर्ड यांची संस्था निघाली. (आपण ज्याला कंपोस्ट म्हणतो त्याची 'इंदूर पद्धत' तिथलीच.) धाग्याची लांबी आणि रुईचा उतारा यांचा मेळ घालणारे 'व्हेरम २६२' सारखे वाण त्या काळात आपल्या भागात आले. १९४७ च्या फाळणीत सिंध-पंजाबचा लांब धाग्याचा मुलूख पलीकडे गेला, गिरण्या इकडे मुंबई-अहमदाबादेत राहिल्या. पुन्हा लांब धाग्याची निकड निर्माण झाली आणि देशी कापसाची जागा अमेरिकन जातीने घेतली. त्याच वेळी सेवाग्राम-मगनवाडीची माणसे चरख्याच्या दृष्टीने कापसाकडे पाहत होती, पण धोरण गिरणीचे चालले.

जेथे उत्तरच ठरवून दिले

लँकेशायरने आणि गिरण्यांनी संशोधनाला प्रश्न ठरवून दिला. उत्तर मात्र फार्मवर, तागडीत निघत होते. म्हणूनच क्लाउस्टन यांना उलटे उत्तर देता आले. उत्तरसुद्धा सत्तेनेच ठरवून दिले तर काय होते, ते रशियात दिसले. ती हकीकत प्रत्येक कास्तकाराने ऐकण्यासारखी आहे.

निकोलाय वाविलोव्ह हा तिथला मोठा वनस्पतिशास्त्रज्ञ. जन्म १८८७. कोणते पीक मूळ कोणत्या मुलखातले, हे शोधत तो अनेक देश हिंडला आणि लेनिनग्राडच्या संस्थेत लाखाच्या वर बियाण्यांचे नमुने गोळा करून ठेवले. भात, आंबा, देशी कापूस यांचे मूळ घर त्याने हिंदुस्थानच्या बाजूला दाखवले. त्याच्याविरुद्ध उभा राहिला त्रोफिम लिसेंको. गव्हाचे बी भिजवून थंडी दिली की पेरणीचा हंगाम बदलता येतो, यातला मूळ भाग खरा आहे आणि तो जुना होता. पण लिसेंकोने त्यावर इमला चढवला. झाडाला दिलेले वळण त्याच्या बियांत उतरते, एका जातीची झाडे एकमेकांशी अन्नासाठी झगडत नाहीत, गव्हातून राय निघते, गुणसूत्रांतले जनुक वगैरे सब झूट, असे तो सांगू लागला. वाविलोव्ह म्हणे, नवा वाण काढायला दहा-बारा वर्षे लागतात. लिसेंको म्हणे, मी दोन-तीन वर्षांत काढतो. जबरदस्तीच्या सामुदायिक शेतीने धान्याची दाणादाण उडाली असताना राज्यकर्त्यांना कोणाचे बोलणे गोड लागणार, हे सांगायला नको. शिवाय लिसेंको शेतकऱ्याच्या घरचा. 'पुस्तकी पंडितांपेक्षा मातीतला माणूस बरा' हे वाक्य तेव्हा तिकडे फार खपले. आपल्याकडेही ते खपते, म्हणून येथे मुद्दाम लिहीत आहोत.

ऑगस्ट १९४० मध्ये वाविलोव्हला अटक झाली. जानेवारी १९४३ मध्ये साराटोव्हच्या तुरुंगात तो मेला. ज्याने जगाची भूक भागवण्यासाठी बियाणे जमवले, तो कैदेत उपासमारीने खंगून गेला. लेनिनग्राडला जर्मनांचा वेढा पडला होता तेव्हा त्याच्या संस्थेतली माणसे भाताच्या, शेंगदाण्याच्या नमुन्यांच्या पोत्यांशेजारी उपाशी राहिली. काही जण भुकेने गेले, पण त्यांनी बियाण्याला हात लावला नाही. पुढे ऑगस्ट १९४८ मध्ये मॉस्कोच्या शेतकी अकादमीत लिसेंकोने जाहीर केले की आपले भाषण पक्षाच्या मध्यवर्ती समितीने वाचून मंजूर केले आहे. तिथे वाद संपला. अनुवंशशास्त्र शिकवणाऱ्यांच्या नोकऱ्या गेल्या, पुस्तके गेली. लिसेंकोची सद्दी संपायला १९६४-६५ उजाडावे लागले. चीनमध्ये १९५८ नंतर त्याच्याच विचाराने दाट पेरणीचे हुकूम निघाले. एका जातीची रोपे झगडत नाहीत ना, मग लावा जितकी मावतील तितकी! अरुंद सरीत डोळ्याला डोळा लावून ऊस लावला तर काय होते, हे आपल्या सभासदाला विचारा. फुटवे मरतात, ऊस कनिष्ठिकेएवढा राहतो. चीनमध्ये जो दुष्काळ पडला त्याला इतरही मोठी कारणे होती, पण या हुकमांनी त्यात भर घातली.

येथे एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. पाली आणि बौद्ध धर्माचे पंडित धर्मानंद कोसंबी यांनी जून १९४७ मध्ये आपल्या सेवाग्रामला अन्नत्याग करून देह ठेवला, हे जुन्या माणसांना माहीत असेल. त्यांचे चिरंजीव दामोदर कोसंबी, गोव्याचे, मोठे गणिती आणि इतिहासकार. विचाराने पक्के मार्क्सवादी. त्यांनी १९४४ साली एक सूत्र प्रसिद्ध केले. गुणसूत्रावर एका जनुकापासून दुसरे जनुक किती अंतरावर आहे, ते संकराच्या पिढीवरून कसे मोजावे, याचे ते सूत्र. म्हणजे ज्या गोष्टीला चार वर्षांनी मॉस्कोने भांडवलदारी थोतांड ठरवले, तिचे मोजमाप एका मराठी मार्क्सवाद्याने देऊन ठेवले होते. कापूस, भात, ऊस, कशाचाही जनुक-नकाशा काढताना 'कोसंबी सूत्र' आजही वापरतात. आणि इकडची बाजूही अगदी धुतल्या तांदळासारखी नव्हती. १९६२ साली मुंबईच्या टाटा संशोधन संस्थेतली कोसंबींची नेमणूक पुढे चालू ठेवली गेली नाही. अणुशक्तीच्या धोरणावर ते उघड टीका करीत होते.

कांस आणि कोईमतूर

आता आपल्या उसाकडे. बांधावर, नाल्याच्या काठी उगवणारा कांस आपण कुदळीने खणून फेकतो. काळ्या रानात एकदा घुसला की पिढ्यान्‌पिढ्या निघत नाही. हा कांस उसाचा रानटी भाऊबंद आहे. १९१२ साली कोईमतूरला ऊस पैदास केंद्र सुरू झाले. तिथे बार्बर आणि त्यांचे सहकारी वेंकटरामन यांनी जाड, रसाळ उसाचा या कांसाशी संकर केला. गोडी उसाची, चिवटपणा कांसाचा. १९१८ साली 'को २०५' हा पहिला वाण उत्तरेकडच्या शेतकऱ्यांसाठी बाहेर पडला. जानकी अम्मल या विदुषींनी १९३४ पासून पुढे काही वर्षे तिथेच कांसाच्या आणि उसाच्या गुणसूत्रांचा अभ्यास केला. बाई माणूस, त्यात तथाकथित खालच्या जातीची, म्हणून त्यांना त्रास झाला आणि त्या विलायतेला निघून गेल्या. स्वातंत्र्यानंतर पंडित नेहरूंच्या बोलावण्यावरून परत आल्या. राजकारण दिल्लीतच असते असे नाही, ते प्रयोगशाळेच्या व्हरांड्यातही असते.

उसातही सरकारचा हात होताच. जावा बेटावर डचांनी १९२१ साली 'पीओजे २८७८' नावाचा जबरदस्त वाण काढला आणि तिकडची स्वस्त साखर आपल्या बाजारात ओतली जात होती. १९३२ साली सरकारने परदेशी साखरेवर संरक्षक जकात बसवली. देशात तीसेक साखर कारखाने होते, ते तीन-चार वर्षांत शंभराच्या वर गेले. त्याच १९३२ साली आपल्या महाराष्ट्रात पाडेगावचे ऊस संशोधन केंद्र निघाले. आणि गंमत पाहा: दख्खनमध्ये ज्या 'को ४१९' ने अनेक वर्षे राज्य केले, त्याच्या आई-बापांपैकी एक तोच जावाचा पीओजे २८७८. साखर अडवली, ऊस मात्र घरात घेतला. हे आम्हाला शहाणपणाचे राजकारण वाटते.

पण उसाचे खरे भाग्य वेगळेच आहे. उसाची कांडी लावली की तोच ऊस उगवतो. कोईमतूर किंवा पाडेगावने एकदा वाण दिला की तो बेणे मळ्यातून सभासदाकडे, सभासदाकडून सोयऱ्याकडे जातो. कोणी म्हटले की दरसाल माझ्याकडूनच विकत घ्या, तर ते चालणारच नाही. त्यामुळे उसाच्या वाणात खाजगी कंपन्यांनी फारसे मन घातले नाही. हे काम सरकारी केंद्रांनी आणि कारखान्यांनी मिळून उभ्या केलेल्या मांजरीच्या संस्थेने केले. १९७५ साली निघालेली ती संस्था आज वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट म्हणून ओळखली जाते. तिच्या नियामक मंडळावर राजकारणातली मंडळी आहेत, हे कोणाला सांगायला नको. पण तिचा खर्च कारखाने देतात, आणि कारखाना ज्यांचा, ऊसही त्यांचाच. शेतकऱ्याला टनेज हवे आणि कारखान्याला उतारा हवा, हे भांडण निदान एकाच घरातले आहे.

पाकिटातली सरकी

कापसात हे घर फुटले. मागे सेलूकडच्या एका गट सभेत एक वयस्क सभासद उठून म्हणाले, "साहेब, मले एक सांगा जी. आमचा बाप घरची सरकी ठेवे, शेणात घोळून पेरे. आता दरसाली पाकीट. बियानं बिघडलं का आमी बिघडलो?"

आम्ही म्हटले, "काकाजी, दोघंही नाही. संकराचं बी आहे ते. पहिल्या पिढीत जोर, दुसऱ्या पिढीत झाडं एकसारखी येत नाहीत."

"मंग हे संकर कोनं काढलं? कंपनीनं?"

कंपनीने नाही. व्यापारी प्रमाणावर पेरलेला जगातला पहिला संकरित कापूस 'एच-४' हा १९७० साली सुरतच्या सरकारी केंद्रात सी. टी. पटेल यांनी काढला. हाताने फूल सोलून, हाताने परागकण लावून तयार केलेले हे बी. आपल्याकडे शेतमजूर बायांची मजुरी स्वस्त, म्हणून ते परवडले. उत्पन्न वाढले, धागा लांब मिळाला, गिरणी खूश. पण सरकी घरी ठेवण्याची रीत मोडली आणि बियाण्याचा नवा धंदा उभा राहिला. त्यात जालन्याच्या बद्रीनारायण बारवाले यांनी १९६४ साली सुरू केलेली महिको कंपनी आघाडीची. १९७६ साली नागपूरला केंद्रीय कापूस संशोधन संस्था निघाली, म्हणजे देशाची कापसाची सर्वांत मोठी प्रयोगशाळा आपल्या उंबऱ्याशी आली.

पुढे अमेरिकन बोंडअळीने फवारणीला दाद देणे सोडले. मातीतल्या एका जिवाणूचे जनुक कपाशीत घालून अळीला मारणारे बीटी तंत्र अमेरिकेच्या मोन्सॅन्टो कंपनीने आणले. महिकोबरोबर भागीदारी झाली आणि २६ मार्च २००२ रोजी केंद्राच्या समितीने तीन बीटी संकरित वाणांना परवानगी दिली. त्याआधीच्या वर्षी गुजरातेत 'नवभारत १५१' या नावाने परवानगीशिवाय बीटी पेरले गेल्याचे उघड झाले होते. म्हणजे तेव्हाही बियाणे आधी शेतात गेले आणि कागद मागून आला.

४५० ग्रॅमचे पाकीट सुरुवातीला सोळाशे रुपयांच्या आसपास होते, आणि त्यातला मोठा वाटा जनुकाच्या मालकीचा. २००६ साली आंध्र सरकार एकाधिकार आयोगापुढे गेले, तेव्हा भाव निम्म्यावर आला. २०१५ च्या अखेरीस केंद्राने भावनियंत्रणाचा हुकूम काढला, २०१६ पासून जनुकाचे शुल्क ४९ रुपये झाले, पुढे २०२० साली ते शून्यावर आणले. त्या जनुकाच्या पेटंटचा तंटा सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. जीवशास्त्राचा केवढा तरी भाग वकिलांच्या टेबलावर ठरला.

आम्हाला यात सर्वांत चुटपूट लावणारे प्रकरण दुसरेच आहे. चीनमध्ये सरकारी संस्थेने स्वतःचे बीटी जनुक बनवून ते सरळ वाणांत घातले. सरळ वाण म्हणजे ज्याची सरकी दुसऱ्या वर्षी पेरता येते. आपल्याकडे बीटी आले ते संकरित पाकिटातून. नागपूरची संस्था आणि धारवाडचे कृषी विद्यापीठ यांनी मिळून 'बिकानेरी नरमा' या सरळ वाणाचे बीटी रूप तयार केले. २००८ साली त्याला परवानगी मिळाली, २००९ च्या खरिपात ते शेतकऱ्यांच्या हाती आले. सरकारी बीटी, घरी राखता येणारे. आणि त्याच वर्षाच्या अखेरीस विक्री थांबवली गेली. तपासणीत त्या बियाण्यात मोन्सॅन्टोच्याच वाणातले जनुक सापडले होते. पुढे सुधीर सोपोरी यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती बसली, २०१२ साली अहवाल आला. त्याचे तपशील काही असोत, कास्तकाराच्या दृष्टीने नुकसान एकच: घरी राखता येणारे बीटी ऐन गरजेच्या काळात दहा वर्षांच्या वर मागे पडले. ज्या जनुकाची ही भानगड झाली त्याचे पेटंट भारतात नव्हतेच. पुढे त्याच संस्थेने 'रजत बीटी', 'सूरज बीटी' असे सरळ वाण दिले, तोवर गुलाबी बोंडअळी त्या जनुकाला पचवून बसली होती.

अळी पचवून का बसली, यातही शास्त्र आणि धोरण दोन्ही आहे. पाकिटाबरोबर बिगर बीटीचे १२० ग्रॅमचे छोटे पाकीट यायचे. ते कडेने पेरावे, म्हणजे साध्या अळ्या जिवंत राहतात आणि प्रतिकारक अळ्यांशी त्यांची संगत होऊन प्रतिकार मंदावतो, अशी योजना होती. ती पाळली गेली नाही. त्यात आपले संकरित वाण लांब मुदतीचे. शिवाय पाणी असले की फरदड घेण्याचा मोह. गुलाबी अळीला फेब्रुवारी-मार्चपर्यंत पंगत. २०१७ साली विदर्भभर बोंडे किडली आणि त्याच हंगामात यवतमाळकडे फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक जीव गेले. हे कोण्या एका कंपनीचे किंवा एका मंत्र्याचे पाप नव्हे. लांब मुदतीचा संकरित वाण हा धंद्याला सोयीचा होता आणि कोरडवाहू रानाला गैरसोयीचा, ही गोष्ट वेळेवर कोणी जोरात बोलले नाही. नागपूरच्या संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी कमी मुदतीच्या, दाट लावणीच्या सरळ वाणांची बाजू मांडली होती, ती उशिरा ऐकली गेली. (ही दाट लावणी लिसेंकोची नव्हे. बुटक्या, न पसरणाऱ्या झाडासाठी मोजून काढलेली आहे.)

आता त्या तणनाशकवाल्या पाकिटाबद्दल. १० जून २०१९ रोजी अकोला जिल्ह्यात अकोली जहागीर येथे शेतकरी संघटनेच्या लोकांनी जाहीरपणे ते पेरले. त्यांचे म्हणणे, जगभर शेतकरी जे तंत्र वापरतो ते आम्हाला का नाही? निंदणाच्या मजुरीचा भाव पाहता हे म्हणणे उडवून लावण्यासारखे नाही. उलट बाजूचे म्हणणे, बीटी वांग्यावर २०१० साली नागपूरसह सात शहरांत जनसुनावण्या होऊन स्थगिती आली, तशी चर्चा आणि चाचणी झाल्याशिवाय बियाणे सोडू नये. कपाशीशेजारी तूर, सोयाबीन घेणाऱ्याचे काय, तणेच तणनाशकाला सरावली तर काय, हे प्रश्न खरे आहेत. आमचे मत विचाराल तर निर्णय लांबवत राहणे हाही एक निर्णयच आहे, आणि त्याचा फायदा रात्री पाकीट विकणाऱ्याला होतो. चाचणी करा, आकडे लोकांपुढे ठेवा आणि हो किंवा नाही म्हणा. ही मागणी आपल्या सोसायट्यांनी ठराव करून पाठवायला हरकत नसावी.

तोवर आमचा सल्ला साधा आहे. या पाकिटाला परवानगी नाही, त्यावर खरे लेबल नाही, पावती मिळत नाही. त्यामुळे उगवले नाही किंवा बोंडे किडली तर तालुका कृषी अधिकाऱ्याकडे तक्रार करायला हाती काही राहत नाही. परवानगीच्या बियाण्याचे लेबल, पावती आणि मूठभर सरकी शेवटचा वेचा होईपर्यंत घरात ठेवावी. सरळ वाण पेरणाऱ्याने सरकी राखून ठेवायला कायद्याची आडकाठी नाही. २००१ च्या पीक वाण संरक्षण कायद्याने शेतकऱ्याला आपले बी राखण्याचा, पेरण्याचा, शेजाऱ्याला देण्याचा आणि विकण्याचाही हक्क दिला आहे. फक्त संरक्षित वाणाचे बी छापील नावाच्या पाकिटात भरून विकता येत नाही.

कारखान्याच्या बेणे मळ्यातील 'को ८६०३२' चे बेणे नेणाऱ्या सभासदांसाठी एक सूचना. त्यातून पुढे भाऊबंदाला, शेजाऱ्याला बेणे द्यायला आपण मोकळे आहात, त्याबद्दल कोणी पैसे मागणार नाही. मात्र कोणाला, किती आणि कोणत्या गटात दिले याची नोंद गट कार्यालयातील वहीत करावी. गवताळ वाढ किंवा काणी दिसली तर ते बेणे कुठवर गेले आहे, हे आमच्या माणसाला त्या वहीवरूनच शोधता येते.